भर दुपारचं भूत

खर्डा, ता. जामखेड
८ नोव्हेंबर १९७२

सूर्यभान,

हे पत्र तुझ्या थोरल्या बहिनीचं, मनकर्णेचं. मास्तरकडून लिहून घेतलेलं न्हाई. चौथीपत्तुर शिकलेली हाय मी, तवा काना-मात्रेला हसत बसू नको. आमी बरे हाओत असं लिहायची रीत हाय म्हनून लिहिते, पन पाऊस सलग दुसऱ्या साली न्हाई. तुझे दाजी बैलं घेऊन छावनीवर गेलेत. मी किल्ल्याखाली दुष्काळी कामावर खडी फोडते. दोनशे बाया हाओत. दुपारी खायला सुकडी मिळती, घरी रेशनवरच्या मिलो ज्वारीची लाल भाकरी. चाललंय.

आता सहा महिने पोटात ठेवलेलं लिहिते. चैत्रात जत्रेला तंबूतला सिनेमा आला हुता. तू लिहिलं हुतंस की त्या डाकूच्या पिच्चरमधी तुझं काम हाय, सुरवातीला नाव बी येतं. मी येडी, चाळीस मानसं गोळा करून नेली. म्होरं बसून डोळं फाडून बघत हुते. दिवे गेले तो एकदम घोडाच पळत आला. नाव न्हाई, गाव न्हाई. परत येताना शेजारची रतनबाई सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हनाली, "सूर्यभान तिथं कपबशा धुतो." मला खाली मान घालून चालावं लागलं.

चौदा वर्सं झाली तुला जाऊन. तू नेमकं करतोस काय, ते एकदा धड लिही. कपबशा धुवत असशील तर तसं लिही. मी रागावनार न्हाई, पन पुन्हा चाळीस मानसं नेनार बी न्हाई.

मनकर्णा


मुंबई
२० नोव्हेंबर १९७२

आक्का,

तुझं पत्र वाचून आधी हसलो, मग पुन्हा पहिल्यापासून वाचलं. कपबशा मी धुतल्यात. पहिली दोन वर्षं तेच केलं, रतनबाईला खोटी कशाला म्हणू. पण पुढचं ऐक.

त्या पिच्चरमध्ये हिरो घोड्यावरून पडतो ना, तो मी. हिरॉईन कड्यावरून उडी टाकते तीही मीच, तिचं लुगडं नेसून. पौराणिक पिच्चरमध्ये देव आभाळातून जातात ते मी बांधलेल्या तारेवरून. राक्षसांची तोंडं मी कागदाच्या लगद्याची करतो. मागं एका पिच्चरला हाडं मोडल्याचा आवाज हवा होता, कुणालाच जमेना. मी रसवंतीतून ऊस आणला आणि माइकपुढं कडाकडा मोडला. आपल्या देवळाली प्रवरेकडचा ऊस मिळाला असता तर हाडं आणखी चांगली मोडली असती. एडिटर आजारी पडला तेव्हा तीन आठवडे कात्री घेऊन मीच बसलो. पिच्चरच्या सुरवातीला दिसतात त्या नावांच्या पाट्यासुद्धा अडीनडीला मी रंगवतो. मारामारीचे, देवांचे, भुतांचे पिच्चर शिकलेली माणसं बघत नाहीत, पण ते करणाऱ्याला सगळं यावं लागतं, आणि मला येतं.

नाव त्या पिच्चरला होतं, आईशप्पथ. चौथ्या पाटीवर, चौदा जणांत, एस. खर्डेकर. इथं मी गावाचंच नाव लावतो. तुमच्या तंबूवाल्यानं नावं गाळून पिच्चर लावला असणार, दुसरं काय.

आता खरी बातमी. आमचा शेठ भुताचा पिच्चर काढतोय, 'बुर्ज की दुल्हन'. गोष्ट माझी, भूत माझं आणि भुताचे सगळे सीन मीच घ्यायचे. शेठनं चार माणसांत शब्द दिलाय की या खेपेला पाटीवर एकट्याचं नाव येईल. अख्ख्या पडद्यावर सूर्यभान खर्डेकर, दुसरं कोणी नाही. अट एकच. पिच्चर लागेपर्यंत भुताची ट्रिक बाहेर फुटता कामा नये. मागच्या साली दुसऱ्या कंपनीनं आमची ट्रिक आधीच उचलली आणि आमचा पिच्चर चार दिवसांत उतरला.

किल्ल्यावर दुपारच्याला कोणी असतं का गं? सहज विचारतो.

तुझा सूर्यभान


खर्डा
२ डिसेंबर १९७२

सूर्यभान,

कार्डावर जागा थोडी हाय. दुपारी किल्ल्यावर काळं कुत्रं नसतं. आमी बाया खाली लिंबाच्या सावलीत भाकरी सोडतो, वर चढून करायचं काय? पन तू "सहज" म्हनलास की मला भ्या वाटतं. ल्हानपनी सहज म्हनत बापाच्या घोंगडीचं अस्वल केलं हुतंस, ते बघून म्हस उधळली ती तिसऱ्या दिवशी सापडली. नाव एकट्याचं येनार हे अजून रतनबाईला बोलले न्हाई. डोळ्यांनी बघीन तवाच बोलंन.

मनकर्णा


खर्डा
२२ जानेवारी १९७३

सूर्यभान,

गावात लई वंगाळ झालंय. तू भुताखेताच्या पिच्चरात हाईस, तुला कायतरी ठावं असंल म्हनून इचारते.

गेल्या बुधवारी बाराच्या टायमाला, तीच येळ खराब, आमच्या खडीच्या कामावरची छबूबाई तटाच्या आडोशाला गेली हुती. वर बघती तर बुरुजापाशी पांढऱ्या लुगड्यातली बाई. पाय न्हाईत. वाऱ्यावर तरंगत चाललेली. छबूबाई किंचाळली अन् तिथंच कोसळली. दगडावर कपाळ आपटून खोक पडली. आमी धावलो तर आमाला बी दिसली. मी बी बघितली, सूर्यभान. खोटं कशाला बोलू.

तवापासून छबूबाईनं अंथरून धरलंय. ताप उतरत न्हाई. अंगावर पाच महिन्यांची पोर हाय अन् दूध आटलंय. पोर रात न् दीस रडती. भगत म्हनतो ती अवेळी मेलेली नवरी हाय, बोकड मागती. दुष्काळात बोकड कुठला आनायचा? दोनशे बायांतल्या कामावर आता तीस बी येत न्हाईत. कारकून बोलून गेलाय, १९ फेब्रुवारीच्या सोमवारपत्तुर मानसं भरली न्हाईत तर काम हलवून जामखेडच्या पल्याड नेनार. तिथवर रोज चालत कोन जानार? काम गेलं तर ह्या बाया खानार काय? तुझ्या पिच्चरात असल्या बाईला कशानं घालवतात ते लिही.

मनकर्णा


मुंबई
२९ जानेवारी १९७३

आक्का,

छबूबाईचं वाचून वाईट वाटलं. तिला तालुक्याच्या दवाखान्यात दाखवा, भगताच्या नादी लागू नका. भूतबित काही नसतं. उन्हाचा ताप आणि रिकामं पोट, त्यानं माणसाला काहीही दिसतं.

आता हेच बघ, बायकांनी जे सांगितलं त्यातलं निम्मं चूक आहे. लुगडं पांढरं नसणार. पांढरं उन्हात फार चकाकतं, फिकं पिवळं असलं की लांबून पांढरं दिसतं. आणि पाय नव्हते कसे? पाय होते, उलटे होते, टाचा पुढं. थोरल्या बुरुजापासून पडक्या बुरुजापर्यंत सरळ गेली ना ती? मध्ये कुठं हिसका बसल्यासारखं वाटलं का? एवढं बायांना नीट विचारून कळव.

सगळं ठीक होईल. काळजी करू नको.

सूर्यभान


खर्डा
४ फेब्रुवारी १९७३

सूर्यभान,

तुझं पत्र मी चार येळा वाचलं. पयल्यांदा वाटलं, माझा भाऊ किती शिकलाय. चौथ्यांदा वाचलं तवा डोकं फिरलं.

मी लिहिलं हुतं बुरुजापाशी. कुठल्या बुरुजापासून कुठल्यापत्तुर गेली ते मी लिहिलंच न्हवतं. तुला कुनी सांगितलं? लुगडं पिवळं हुतं हे मुंबईत बसून तुला कसं दिसलं? अन् हिसका बसला का म्हनून इचारतोस. छबूबाईच्या पोरीचं दूध आटलं अन् तुला हिसक्याची पडली.

तू आला हुतास. किल्ल्यावर आला हुतास अन् माझं घर तिथनं हाकेच्या अंतरावर असून माझ्या दारात आला न्हाईस. चौदा वर्सांत तीनदा तोंड दाखवलंस, अन् ही चौथी बार, ती बी भूत हून. मला रडू बी आलं अन् तुझ्या थोबाडीत द्यावीशी बी वाटली.

आता सरळ सांगते. हितं ये. चार मानसांत, दिसाउजेडी, हे काय हुतं ते दाखव. १९ तारीख ध्यानात ठेव.

मनकर्णा


मुंबई
९ फेब्रुवारी १९७३

आक्का,

पकडलंस. लपवत नाही आता.

भुताच्या पिच्चरमधली रात्र आम्ही दुपारीच काढतो. कॅमेऱ्याला निळी काच लावली की ऊन चांदण्यासारखं दिसतं. म्हणून बारा वाजताची वेळ घेतली. मी, तारेचं काम बघणारा हैदरभाई, कॅमेरामन आणि दोन गडी, एवढेच जीपनं मागच्या अंगानं आलो. परवानगीचा कागद शेठनं काढला होता, पण गावात कळलं तर गर्दी होईल आणि ट्रिक फुटेल म्हणून कुणाला सांगायचं नाही असं ठरलेलं. दोन बुरुजांमध्ये तार, तारेवर कप्पी, कप्पीला दोर, आणि दोराला मी. लुगडं नेसून मीच लटकलो होतो. उलटे पाय कागदाच्या लगद्याचे. खाली लिंबाखाली बाया जेवताहेत, त्यांना वरचं दिसत नाही, असा माझा हिशोब. तटाच्या आडोशाला कोणी येईल हे डोक्यात आलं नाही.

एक गोष्ट तुला सांगितलीच पाहिजे. मी किंचाळी ऐकली. हैदरभाई म्हणाला, उतरून बघून येऊ. मी म्हणालो, सीन पुरा होऊ दे. आक्का, मला आनंद झाला होता. म्हटलं, खऱ्या माणसाला भ्या वाटलं, म्हणजे जमलं. त्याची आता इतकी शरम वाटते की जेवण जात नाही.

घरी का आलो नाही, तर पाटीवर नाव आल्यावर येणार होतो. तुझ्या दारात कपबशा धुणारा म्हणून यायचं नव्हतं.

पण दाखवायला कसं येऊ? दोनशे बायांपुढं ट्रिक दाखवली की ती शेठच्या कानावर जाणारच. नाव गेलं समज. चौदा वर्षं त्याच्यासाठी घालवलीत मी. तूच त्यांना समजावून सांग ना. मी वर सगळं लिहिलंय, तेच वाचून दाखव. तुझ्यावर गावाचा विश्वास आहे.

सूर्यभान


खर्डा
१३ फेब्रुवारी १९७३

सूर्यभान,

वाचून दाखवलं. कुनी इश्वास ठेवला न्हाई. रतनबाई म्हनाली, "भाऊ कपबशा धुतो अन् ही त्याला आभाळात उडवती." म्हनतात तुझ्या हातात एवढी कला असती तर जत्रेच्या पिच्चरमधी नाव दिसलं नसतं का? मी बामनाकडनं, मास्तरकडनं बी सांगून बघितलं. काल कामावर बावीस बाया हुत्या. छबूबाईचा ताप तसाच. पोर आता रडत बी न्हाई, नुसती पडून असती. मी तुला पुन्हा ये म्हननार न्हाई. तुझं तू बघ.

मनकर्णा


खर्डा
२६ फेब्रुवारी १९७३

सूर्यभान,

तू १८ तारखेच्या रविवारी हैदरभाईला घेऊन यष्टीनं आलास, दोन घटका राहिलास अन् तसाच गेलास. भाकरी खायला सुदिक थांबला न्हाईस, म्हने गाडी चुकंल. तुझ्यामागं काय झालं ते तुला ठावं नसंल म्हनून लिहिते.

तू लिंबाखाली सगळ्यांदेखत लुगडं नेसायला लागलास तवा बाया पदर तोंडाला लावून दुसरीकडं बघत हुत्या. मला वाटलं, ही मानसं आता ह्याला दगडं मारत्यात. म्हातारी बनुबाई तर पळायच्या बेतात हुती. मंग त्या हैदरभाईनं तार अन् कप्पी लावली, तुला पट्टा बांधला, कागदाचे पाय बनुबाईच्या हातात दिले अन् तिनं ते वाजवून बघितले. तिथनं जरा हवा बदलली.

छबूबाईला तिच्या नवऱ्यानं पाठुंगळी आनलं तवा तिचा चेहरा बघवत न्हवता. तू तिच्या पाया पडलास. आजवर बापाच्या बी पडला नसशील. दोराचं टोक तिच्या हातात देऊन म्हनलास, "वढ. मी वर जातो की न्हाई बघ." तिनं दोर मुठीत धरला. मागं आठ बाया लागल्या, पयली तर रतनबाईच. तू वर गेलास, तरंगत तरंगत, अगदी त्या दिवसावानी. अन् मधीच छबूबाईनं दोर धरून ठेवला. तुला तसाच अधांतरी ठेवून खालनं इचारलं, "आता कसं वाटतंय?"

तू वरनं म्हनलास, "चुकलं, माय."

तरी तिनं लगेच सोडलं न्हाई. मनाचं समाधान हुईपत्तुर लटकवलं तुला. मंग ती हसली. महिन्यानं हसली ती. सगळा माळ हसला, अन् मी मात्र पदरात तोंड घालून रडले. भाऊ आभाळात लटकलाय, अन् त्याचं चौदा वर्सांचं काम तो सोताच्या हातानं मोडतोय, हे मला एकटीलाच ठावं हुतं.

सोमवारी एकशेनव्वद बाया आल्या. कारकून बघत राहिला. काम हितंच राहिलं. छबूबाईचा ताप तिसऱ्या दिवशी उतरला. बनुबाईची शेळी याली हाय, तिचं दूध पोरीला चालू केलंय. पोर पुन्हा रडायला लागली, लई ग्वाड वाटतं ऐकायला.

शेठला कळलं का? लिही.

मनकर्णा


मुंबई
१२ मे १९७३

आक्का,

उत्तराला उशीर झाला. पोरीचं वाचून बरं वाटलं.

शेठला कळलं. नगरच्या कुठल्याशा साप्ताहिकात 'खर्ड्याच्या भुताची फजिती' म्हणून छापून आलं, तारेचा अन् कप्पीचा सगळा तपशील देऊन. ते कुणीतरी शेठच्या टेबलावर आणून ठेवलं. तो ओरडला नाही. म्हणाला, तू शब्द पाळला नाहीस, आता मी कशाला पाळू. त्याचंही चूक म्हणता येत नाही. पाटीवर आता त्याच्या भाच्याचं नाव येणार. भाचा शूटिंगला दोन वेळा येऊन गेला, दोन्ही वेळा जेवायच्या सुट्टीत.

एक गंमत सांगतो. नावांच्या पाट्या रंगवणारा पेंटर गावाला गेला होता. शेठनं मलाच बोलावलं. भाच्याच्या नावाची पाटी मी रंगवली. मोठी, एकट्याची, काळ्यावर पांढरी अक्षरं. हात चांगला चालला. अक्षरं बिघडवावीत असं एकदा मनात आलं होतं, पण मग माझंच काम वाईट दिसलं असतं.

काम बंद झालेलं नाही. डाकूचा एक पिच्चर चालू आहे, त्यात पडतो, आवाज देतो, घोड्यांना रंग लावतो. पण रोज सकाळी बूट घालताना पाय जड होतात. वाईट वाटतं, आक्का, खोटं कशाला सांगू. आलो त्याचं मात्र नाही वाटत.

गावात नावाचं काही बोलू नको. रतनबाईला तर नकोच.

सूर्यभान


खर्डा
१८ एप्रिल १९७४

सूर्यभान,

वरीसभर तू नुसती कार्डं टाकलीस, दोन दोन वळींची. मी बी रागानं तेवढंच लिहिलं. आज लांब लिहिते.

पाऊस झाला. दाजी बैलं घेऊन घरी आले. जत्रा भरली अन् तंबू आला. अन् तंबूवर तुझा पिच्चर, 'बुर्ज की दुल्हन'. मी कुनाला बोलावलं न्हाई. बोलवायची गरजच पडली न्हाई. खडीच्या कामावरच्या झाडून सगळ्या बाया हजर हुत्या, नवऱ्यांना अन् सासवांना घेऊन. जामखेडकडची अन् भूमकडची बी लई मानसं हुती. छबूबाई पोरीला कडेवर घेऊन म्होरं बसली.

मी तुझ्या शेठच्या त्या भाच्याचं नाव बघायचं म्हनून दात खाऊन बसले हुते. दिवे गेले अन् एकदम बुरुजच आला. नावं न्हाईतच! मी उठले अन् मागं मशीनपाशी गेले. तंबूवाल्याला इचारलं, सुरवातीची नावं कुठं गेली? तो म्हनाला, "बाई, नावं बघायला कोन येतं? मी समद्याच पिच्चरची कापतो. लोकं शिट्ट्या मारत्यात."

म्हंजी तू खरं बोलत हुतास. डाकूच्या पिच्चरला तुझं नाव हुतं अन् मी तुझ्यावर इश्वास ठेवला न्हाई. त्याबद्दल मला माफ कर. अन् दुसरं असं, ह्या पिच्चरला तुझं एकट्याचं, अख्ख्या पडद्याएवढं नाव असतं, तरी हितल्या कुनाला ते दिसलं नसतं.

मंग ती बाई आली. निळं चांदनं पडलेलं, अन् थोरल्या बुरुजाकडनं ती तरंगत निघाली. परगावची मानसं एकमेकाला चिकटून बसली. एक म्हातारा तर राम राम म्हनाय लागला. अन् आमच्या बायांतनं आवाज उठला, "सूर्यभान आला!" "दोर ताठ धरा गं!" "चुकलं, माय, म्हन!" निम्मा तंबू हसून लोळायला लागला. तंबूवाला बाहेर येऊन हात जोडाय लागला, म्हने भुताच्या पिच्चरला हसू नका, माझा धंदा बसंल. परगावच्यांना काय कळंना. तवा रतनबाई उभी राहिली. ज्या तोंडानं कपबशा म्हनली हुती त्याच तोंडानं म्हनाली, "तो आमचा सूर्यभान हाय, खर्ड्याचा. दोर आमी वढलाय."

दुसऱ्या दिवशी तंबूवाल्यानं टांग्यातनं भोंगा फिरवला तवा हिरोचं नाव घेतलंच न्हाई. गल्लीगल्लीत वरडत गेला, खर्ड्याच्या सूर्यभानचं भूत बघायला चला. तिन्ही दिवस तंबू भरला.

मधी हिसका बसला का म्हनून इचारलं हुतंस. न्हाई बसला. लई सरळ गेलास.

आता एक ऐक. कामाचा निकाल काय बी लागू दे, पाटीवर कुनाचं बी नाव येऊ दे. पुढच्या खेपेला आधी घरी ये, भाकरी खा, मंग किल्ल्यावर काय करायचं ते कर.

तुझी आक्का
मनकर्णा